नापास झालेलेच मजेत: ओझूचा १९३० चा कॉलेजपट आणि जपानचं बेसबॉलवेड

एक जपानी मूकपट आहे १९३० सालचा, त्यात शेवटाला मजेत कोण असतं, तर नापास झालेली पोरं. पास झालेले दोस्त खोलीत बसून नोकरीची वाट बघतायत, खिशात दमडी नाही, घरून पैसे कधी येतात याच्याकडे डोळे, आणि नापास झालेला हिरो तिकडे कॉलेजच्या बेसबॉल टीमसाठी हातवारे करत घसा फोडतोय. डायरेक्टर यासुजिरो ओझू, सिनेमाचं जपानी नाव 'राकुदाई वा शिता केरेदो', मराठीत सांगायचं तर 'नापास झालो, पण...'. ११ एप्रिल १९३० ला रिलीज झाला, लांबी तासाभराच्या थोडी वर, आणि नशिबाने आज तो बघायला मिळतो, कारण त्या काळातले बहुतेक जपानी मूकपट कायमचे गेलेत.

वरवर बघितलं तर हलकीफुलकी कॉमेडी आहे. पण हे लोक एवढं ओरडतायत कशासाठी, बेसबॉल अमेरिकन खेळ ना मग तो इथे कॉलेजच्या जीवनमरणाचा प्रश्न कसा काय झाला, आणि पास झालेल्यांचे चेहरे असे का पडलेत, हे माहीत नसेल तर अर्धा सिनेमा डोक्यावरून जातो. म्हणून जरा सविस्तर सांगतो.

आधी ओझूबद्दल. सिनेमावाल्या लोकांना ओझू म्हटलं की 'टोकियो स्टोरी' आठवतो, १९५३ चा, म्हातारे आईबाप, जमिनीलगत ठेवलेला कॅमेरा, शांतपणे चहा पिणारी माणसं. तो ओझू मनातून काढून टाका. १९३० मधला ओझू २६ वर्षांचा आहे, अमेरिकन मूकपटांतला विनोदी नट हॅरल्ड लॉइड याचा फॅन आहे, अमेरिकन सिनेमे बघून बघून त्याचं डोकं फिरलंय आणि टोकियोतल्या शोचिकु कंपनीच्या कामाता स्टुडिओत तो अक्षरशः धडाधड सिनेमे काढतोय. १९२९ मध्ये सहा आणि १९३० मध्ये सात, म्हणजे दोन महिन्यांना एकापेक्षा जास्त. स्टुडिओचा प्रमुख किदो शिरो, त्याचं धोरण असं की रडारड आणि तलवारबाजी पुरे, आता साध्या माणसांचं रोजचं आयुष्य दाखवा, त्यात हसू असू द्या, थोडं डोळ्यात पाणी चालेल. या धोरणातून जे प्रकार निघाले त्यातला एक म्हणजे विद्यार्थीपट, कारण शहरातला तरुण कॉलेजवाला हाच तिकीट काढून येणारा प्रेक्षक होता.

आता गोष्ट. ताकाहाशी नावाचा विद्यार्थी, काम केलंय साइतो तात्सुओने, उंच, किडकिडा, सगळे हातपाय जरा जास्तच लांब, नुसता चालला तरी हसू येईल असा नट. तो दोस्तांबरोबर भाड्याच्या खोलीत राहतो. परीक्षा तोंडावर आलीये, अभ्यास कोणाचाच नीट नाही, मग ठरतं की कॉपी करायची, आणि ताकाहाशी रात्रभर बसून शर्टावर उत्तरं लिहून काढतो. एवढी मेहनत अभ्यासात घातली असती तर पास झाला असता, पण ते असो. सकाळी हा झोपलेला असताना शर्ट मळका समजून लॉन्ड्रीत जातो, आणि परीक्षेत पठ्ठ्या शर्टाशिवाय, म्हणजे उत्तरांशिवाय. खोलीतले बाकीचे पास, हा नापास. जवळच्याच बेकरीतली मुलगी, तानाका किनुयो, तेव्हा जेमतेम वीस वर्षांची, तिचा याच्यावर जीव आहे, पदवी मिळाल्यावर घालायला म्हणून तिने टायसुद्धा तयार ठेवलाय. तो टाय घ्यायचा कसा आणि घालायचा कसा, या प्रसंगात साइतो जे काही करतो ते बघण्यासारखं आहे. ही तानाका किनुयो पुढे जपानची फार मोठी नटी झाली आणि १९५३ मध्ये स्वतः डायरेक्टरही झाली.

इथपर्यंत ठीक, अशा गोष्टी कुठल्याही देशात घडतात. पण मग सिनेमा उलटतो. पास झालेल्या मित्रांना नोकरीच मिळत नाही. सूट घालून फिरतात, परत येतात, पडून राहतात. नापास झालेल्याला मात्र घरून महिन्याचे पैसे येणं चालू, अंगावर विद्यार्थ्याचा युनिफॉर्म आहे, टोपी आहे, नवीन टर्म सुरू झाली की परत मैदानावर जाऊन टीमला चिअर करायचं. पास झालेले म्हणतात की एवढी घाई करायला नको होती.

हे नुसतं उलटंपालटं करून हसवणं नाहीये. तारीख परत बघा, ११ एप्रिल १९३०. जपानमध्ये कॉलेजचं वर्ष मार्चमध्ये संपतं आणि एप्रिलमध्ये सुरू होतं, म्हणजे थिएटरात जे लोक बसले होते त्यातले कितीतरी दोन-चार आठवड्यांपूर्वीच पदवी घेऊन रिकामे बसलेले. आणि तो एप्रिल म्हणजे जपानच्या अर्थव्यवस्थेच्या दृष्टीने एकदम वाईट. पहिल्या महायुद्धात जपानच्या कारखान्यांची चांदी झाली होती, कंपन्यांना शिकलेली माणसं पुरत नव्हती, सरकारने १९१८ ला कायदा करून खासगी संस्थांनाही विद्यापीठाचा पूर्ण दर्जा मिळायची सोय केली, वासेदा आणि केइओ यांना तो १९२० मध्ये मिळाला. नेमकी त्याच वर्षी तेजी संपली. मग १९२३ चा भूकंप, टोकियो-योकोहामा जळून खाक, १९२७ मध्ये बँका बुडाल्या, ऑक्टोबर १९२९ मध्ये न्यूयॉर्कचा शेअरबाजार कोसळला आणि तीन महिन्यांत, जानेवारी १९३० मध्ये, जपान सरकारने येन परत सोन्याशी बांधला, तोसुद्धा जुन्या चढ्या दराने. त्यामुळे जपानी माल परदेशात महाग, निर्यात आपटली, रेशमाचे भाव पडले, कंपन्यांनी भरती बंद केली. इकडे विद्यापीठं वाढवून ठेवलेली, पदवीधरांचं उत्पादन चालूच. दोन्ही गोष्टी एकाच वेळी झाल्या आणि मधे अडकली ती ही पोरं.

ओझूने याच विषयावर आदल्या वर्षीच, सप्टेंबर १९२९ मध्ये, 'दाइगाकु वा देता केरेदो' काढला होता, म्हणजे 'पदवी घेतली, पण...'. त्याची आज फक्त दहा-बारा मिनिटंच उरलीत. त्यात एक गंमत आहे, हिरोला नोकरी नाही, आई गावाहून आलीये, तिला कळू द्यायचं नाही, आणि बायकोला तो 'संडे माइनिची' नावाचं साप्ताहिक दाखवतो ('माइनिची' म्हणजे रोज), की आमच्याकडे रोजच संडे. आणि 'पदवी घेतली, पण...' हे सिनेमाचं नाव इतकं चाललं की बेकार पदवीधरांबद्दल बोलताना लोक ते वाक्य म्हणूनच वापरायला लागले. 'नापास झालो' हा त्याच विषयाचा दुसरा भाग समजा, फक्त बाजू बदललेली. माझ्या मते दुसरा जास्त चलाख आहे, कारण पहिल्यात बेकारीचं दुःख सरळ दिसतं, दुसऱ्यात ते एका चैनीच्या शेजारी ठेवलंय. आणि ती चैन म्हणजे बेसबॉल.

आता बेसबॉलकडे येऊ, इथे जरा मागे जावं लागेल, आणि हा भाग मला सगळ्यात आवडतो.

१८७२ च्या सुमारास होरेस विल्सन नावाचा अमेरिकन मास्तर टोकियोतल्या सरकारी शाळेत शिकवायचा, पुढे त्याच शाळेतून टोकियो विद्यापीठ उभं राहिलं. पोरं नुसती बसून पाठ करतात, अंग हलवत नाहीत, म्हणून त्याने त्यांच्या हातात बॅट दिली. म्हणजे जपानमध्ये बेसबॉल शाळेच्या दारातून आत आला, आणि कितीतरी वर्षं तो शाळा-कॉलेजचाच खेळ राहिला. पहिला मोठा धमाका १८९६ चा. योकोहामात अमेरिकन आणि इतर परदेशी लोकांचा एक ऍथलेटिक क्लब होता, ते जपानी पोरांशी खेळायलाच तयार नव्हते, तुम्हाला काय जमणार हा आमचा खेळ. शेवटी इचिको नावाच्या टोकियोतल्या सरकारी उच्च विद्यालयाच्या टीमशी मॅच झाली, आणि इचिकोने त्यांना २९-४ असं धुतलं. तेव्हा योकोहामातल्या गोऱ्यांना जपानचे कायदे लागू नव्हते, असमान करार होते, त्यामुळे हा स्कोअर देशभर पेपरांत गाजला. तिथून बेसबॉल परका राहिला नाही.

मग आल्या दोन खासगी संस्था, वासेदा आणि केइओ. केइओचे संस्थापक फुकुझावा युकिची, हेच गृहस्थ पुढे दहा हजार येनच्या नोटेवर आले, आणि वासेदाचे ओकुमा शिगेनोबु, जे दोनदा पंतप्रधान झाले. केइओची पोरं जरा श्रीमंत घरची, टापटिपीत राहणारी, वासेदावाले गावाकडून आलेले, केस विस्कटलेले, आवाज मोठा, निदान लोकांच्या डोक्यात चित्र असं. १९०३ मध्ये वासेदाने केइओला आव्हान दिलं, पहिली मॅच केइओने ११-९ अशी घेतली, आणि या दोघांच्या मॅचला नावच पडलं, सोकेइसेन. १९०५ मध्ये तर वासेदाची टीम बोटीत बसून अमेरिकेला गेली, त्या वेळी तिकडे रशियाशी युद्ध चालू होतं हे लक्षात घ्या. टीमचे प्रमुख आबे इसो, ख्रिश्चन आणि समाजवादी, युद्धाला विरोध करणारे प्राध्यापक. अमेरिकेत २६ मॅच खेळले, ७ जिंकले, १९ हरले. पण येताना बंट, म्हणजे बॅटने चेंडू हलकेच जवळ पाडणं, कसा मारायचा, पिचरने, म्हणजे चेंडू टाकणाऱ्याने, वॉर्मअप कसं करायचं, हे सगळं शिकून आले, आणि अजून एक गोष्ट बघून आले, अमेरिकन कॉलेजची पोरं स्टँडमध्ये उभी राहून एका सुरात, ठरवून ओरडतात.

ही शेवटची गोष्ट भलतीच लागू पडली. पुढच्याच वर्षी, १९०६ ला, सोकेइसेनच्या वेळी दोन्हीकडे हजारोंच्या संख्येने पोरं. वासेदाच्या बाजूला योशिओका शिन्केई नावाचा दाढीवाला म्होरक्या, त्याला पेपरवाल्यांनी 'हुल्लडबाजांचा सरसेनापती' अशा अर्थाचं नाव दिलं होतं. पहिली मॅच केइओने जिंकली आणि त्यांची पोरं गेली थेट ओकुमांच्या घरासमोर, तिथे 'केइओ बान्झाई', म्हणजे केइओचा जयजयकार. दुसरी वासेदाने जिंकली, मग ही पोरं निघाली फुकुझावांच्या घराकडे आणि केइओच्या गेटवर, परतफेड. आता तिसऱ्या आणि निर्णायक मॅचला काय होणार याची सगळ्यांना धडकी भरली, मारामाऱ्या होणार हे उघड दिसत होतं, म्हणून दोन्ही संस्थांनी मॅचच रद्द केली. नुसती ती मॅच नाही हो, पुढे १९ वर्षं वासेदा आणि केइओ एकमेकांशी बेसबॉल खेळलेच नाहीत. १९०६ ते १९२५. ज्या पोरांनी राडा केला त्यांची पोरं कॉलेजात जायला आली तरी बंदी चालूच.

मधे १९११ मध्ये टोकियो आसाही या पेपरने बेसबॉलचे दुष्परिणाम अशी एक लांबलचक लेखमालाच छापली, त्यात नितोबे इनाझो यांच्यासारखा मोठा विचारवंत, इचिकोचे तेव्हाचे मुख्याध्यापक, म्हणतो की बेसबॉल हा पाकीटमारांचा खेळ आहे, समोरच्याला फसवायचं, बेस चोरायचा, म्हणजे समोरच्यांची नजर चुकवून पुढच्या बेसवर पळायचं. (हे नितोबेही नंतर नोटेवर आले, पाच हजारच्या. जपानी नोटा आणि बेसबॉल यांचं काहीतरी आहे.) आणि गंमत बघा, त्याच आसाहीच्या ओसाका ऑफिसने चार वर्षांनी, १९१५ मध्ये, शाळांची देशव्यापी बेसबॉल स्पर्धा सुरू केली, जी आज कोशिएन म्हणून अख्खा जपान बघतो. पेपर खपतो म्हटल्यावर दुष्परिणाम गेले कुठे कोण जाणे.

१९२५ मध्ये सहा विद्यापीठांची लीग झाली, वासेदा, केइओ, मेइजी, होसेई, रिक्क्यो आणि टोकियो इम्पिरियल, आणि त्या निमित्ताने सोकेइसेन परत सुरू झाली. १९२६ मध्ये मेइजी जिंगू स्टेडियम उघडलं, १९२७ पासून रेडिओवर लाइव्ह बेसबॉल ऐकू यायला लागला. लक्षात घ्या, या वेळी जपानमध्ये प्रोफेशनल लीग अस्तित्वातच नाही. एखाददुसरा प्रयत्न झाला होता पण टिकला नाही, प्रो लीग सुरू झाली ती १९३६ ला, अमेरिकन बेसबॉलचा सुपरस्टार बेब रूथ १९३४ मध्ये येऊन गेल्यावर. म्हणजे १९३० ला देशातला सगळ्यात मोठा खेळाडू कोण, तर एखाद्या विद्यापीठाचा पिचर. जे लोक आयुष्यात कॉलेजची पायरी चढले नाहीत, दुकानदार, रिक्षा ओढणारे, तेसुद्धा वासेदावाले किंवा केइओवाले असायचे. त्यामुळे सिनेमात जेव्हा ताकाहाशी चिअर करतो तेव्हा तो एक फालतू टवाळ पोरगा राहत नाही, सगळं शहर ज्याच्याकडे बघतंय अशा गोष्टीच्या मधोमध तो उभा आहे. नोकरी शोधणाऱ्या पदवीधराकडे कोण बघतं?

या चिअर करणाऱ्या गटाला ओएनदान म्हणतात. आपल्याकडे मॅचला लोक मनाला येईल तसं ओरडतात, तसा प्रकार नाही. पुढे म्होरक्या उभा, पाठ मैदानाकडे, तोंड प्रेक्षकांकडे, म्हणजे हा बिचारा मॅच बघतच नाही. त्याच्या हाताच्या इशाऱ्यावर अख्खा स्टँड एका वेळी टाळी वाजवतो, ढोल असतो, झेंडा असतो, ज्युनियर पोरांनी सिनियरचं निमूट ऐकायचं. टाळ्यांचे ठराविक ठेके आहेत, सगळ्यात प्रसिद्ध तीन-तीन-सातचा, तीन टाळ्या, थांबा, तीन टाळ्या, थांबा, मग सात. शिवाय प्रत्येक विद्यापीठाची गाणी, केइओचं 'वाकाकि चि' १९२७ मधलं, त्याला तोड म्हणून वासेदाने १९३१ मध्ये 'कोन्पेकि नो सोरा' आणलं.

आता तुम्ही म्हणाल मूकपटात हे दाखवणार कसं, ओरडणं हाच ज्याचा प्राण ते आवाजाशिवाय? मला वाटतं ओझूच्या डोक्यात नेमकं हेच आलं असणार की ही गोष्ट कानापेक्षा डोळ्यांना जास्त दिसते. शंभर हात एकदम वर, एकदम खाली. या सिनेमातली पोरं रिकाम्या वेळीही एका ठेक्यात पावलं टाकत छोटासा नाच करतात, कसलंही कारण नसताना, आणि तो ठेका तुम्हाला आवाज नसून ऐकू येतो. परीक्षेआधी करतात, मैत्री दाखवायला करतात, वाईट दिवसांत करतात. एकत्र हलणं हीच या पोरांची भाषा आहे. आणि पास होऊन बाहेर पडलेला जो तो एकटा हलतो, ही तफावत कॅमेरा काही न बोलता दाखवत राहतो.

शिवाय थिएटर तेव्हा शांत नसायचंच. जपानमध्ये मूकपटाला बेन्शी असायचे, पडद्याच्या बाजूला उभा राहून गोष्ट सांगणारा, सगळ्या पात्रांचे आवाज काढणारा, मधेच स्वतःची टिप्पणी करणारा माणूस, आपल्या कीर्तनात बुवा एकाच वेळी द्रौपदी आणि दुर्योधन दोघंही होतात ना, तसं. बरोबर वाद्यवृंद. लोक बेन्शीचं नाव बघून थिएटर निवडायचे. चांगला बेन्शी असला तर चिअरिंगच्या सीनला तो काय करत असेल याची कल्पना करा, आणि समोर बसलेले अर्धे लोक ती गाणी रेडिओवर पाठ केलेले. म्हणून आज आपण लॅपटॉपवर तोच सिनेमा पूर्ण शांततेत बघतो तेव्हा खरं तर अर्धाच बघतो. बेन्शींची ताकद इतकी होती की जपानमध्ये बोलपट यायला उशीर झाला त्याचं एक कारण तेच. पहिला खरा यशस्वी जपानी बोलपट ऑगस्ट १९३१ चा, याच शोचिकुचा, म्हणजे मुंबईत 'आलम आरा' लागून काही महिने झाल्यावर. ओझू तर १९३६ पर्यंत बोलपटाला हात लावेना.

एक गोष्ट मला भारी वाटते. हे विद्यार्थी-जीवन इतकं मनापासून रंगवणारा ओझू स्वतः कॉलेजात कधी गेलाच नाही. जन्म १९०३, टोकियोच्या फुकागावात, बाप खताचा व्यापारी, पोरांना शिक्षणासाठी मिए प्रांतात मात्सुसाकाला पाठवलेलं. तिथे अभ्यासापेक्षा सिनेमेच जास्त झाले, एका प्रकरणावरून हॉस्टेलमधून काढलं, मग कोबेच्या उच्च वाणिज्य विद्यालयाची प्रवेश परीक्षा दिली, नापास. एका डोंगरातल्या गावी वर्षभर शाळामास्तरकी केली आणि १९२३ मध्ये ओळखीने शोचिकुत कॅमेरा असिस्टंट म्हणून चिकटला. म्हणजे 'नापास झालो, पण...' म्हणायचा हक्क या माणसाला पुरेपूर होता. आणि म्हणूनच की काय, त्याच्या सिनेमातलं कॉलेज थोडं खरं आणि थोडं अमेरिकन सिनेमातून आणलेलं आहे. पोरांच्या खोल्यांच्या भिंती बघा, अमेरिकन विद्यापीठांचे तिकोनी झेंडे, हॉलिवूडची पोस्टरं. 'पदवी घेतली' मध्ये हॅरल्ड लॉइडच्या 'स्पीडी'चं पोस्टर आहे. जमिनीवर चटया, जेवायला भात परवडत नाही, आणि भिंतीवर अमेरिका. टवाळकी म्हणून बघा किंवा त्या पिढीचं चित्र म्हणून बघा, दोन्ही चालतं.

पोरांच्या टोळक्यात एक चेहरा ओळखीचा वाटेल, र्‍यू चिशू. ओझूच्या सिनेमांमध्ये नजरेत भरेल असं काम त्याला पहिल्यांदा इथे मिळालं, आणि हाच पुढे 'टोकियो स्टोरी'चा म्हातारा बाप. हा माणूस टोकियोच्या तोयो विद्यापीठात भारतीय तत्त्वज्ञान शिकत होता, ते अर्धवट सोडून स्टुडिओत आला. उपनिषदं गेली ती गेलीच, सिनेमाला मात्र र्‍यू चिशू मिळाला. घरमालकिणीचा टोचणारा पोरगा म्हणजे आओकि तोमिओ, बालनट, आदल्या वर्षीच्या ओझूच्याच एका सिनेमावरून त्याला 'तोक्कान कोझो' हेच नाव चिकटलं होतं.

ओझूने ही पोरं तिथेच सोडली नाहीत. १९३२ मध्ये 'सेइशुन नो युमे इमा इझुको' आला, म्हणजे तारुण्याची स्वप्नं आता कुठे. सुरुवात पुन्हा चिअरिंगच्या टोळक्यापासून, पुन्हा परीक्षेतली कॉपी, पुन्हा बेकरीतली मुलगी, तीही पुन्हा तानाका किनुयोच. पण यावेळी म्होरक्याचा बाप वारतो आणि हा पोरगा एकदम कंपनीचा मालक होतो. मग मित्र नोकरी मागायला येतात, कंपनीच्या परीक्षेत तो त्यांना आधीच उत्तरं देतो, जुन्या कॉपीसारखीच, आणि ते नोकरीला लागतात. फक्त आता ते दोस्त राहिलेले नाहीत, साहेबासमोर वाकणारे कारकून झालेत. साइतोने केलेला मित्र तर स्वतःचं लग्न ठरलेली मुलगीसुद्धा साहेबाला आवडते म्हणून गप्प सोडून द्यायला निघतो, आणि तेव्हा तो साहेब-दोस्त त्याला सगळ्यांसमोर थोबाडतो, मारतच राहतो. चिअरिंगच्या मैदानावर जे सगळे सारखे होते त्यांच्यात पगाराने काय केलं हे त्या एका सीनमध्ये आहे. 'नापास झालो' मध्ये जी गोष्ट हसत सांगितली ती इथे हसू पुसून सांगितलीये, आणि दोन्ही लागोपाठ बघितले तर पहिल्यातला आनंद तात्पुरता आहे हे ओझूला तेव्हाच माहीत होतं असं वाटायला लागतं.

बेसबॉलचंही तसंच झालं. त्याच १९३२ मध्ये शिक्षण मंत्रालयाने नियंत्रणाचा हुकूम काढला, विद्यार्थ्यांनी कोणाशी खेळायचं, तिकिटं कशी लावायची, सगळ्यावर बंधनं. कारणं तर होतीच, पोरांना हिरो करून पैसा कमावणं जोरात चाललं होतं. १९३३ च्या सोकेइसेनमध्ये वासेदाच्या स्टँडमधून सफरचंदाचा तुकडा मैदानात आला, केइओचा खेळाडू मिझुहारा शिगेरु याने तो परत फेकला आणि मॅच संपल्यावर दंगल उसळली, ओएनदानचे भांडण पेपरांत आठवडेच्या आठवडे. मग युद्ध. १९४३ मध्ये लीग बंद केली गेली, विद्यार्थ्यांना मिळणारी सैन्यभरतीची सवलत काढली. जाण्याआधी एकदा खेळू द्या म्हणून १६ ऑक्टोबर १९४३ ला वासेदाच्या तोत्सुका मैदानावर सोकेइसेन झाली, वासेदा १०-१ ने जिंकलं, आणि पाचच दिवसांनी टोकियोत हजारो विद्यार्थ्यांना युनिफॉर्ममध्ये, खांद्यावर बंदुका देऊन, पावसात परेड करत युद्धावर रवाना केलं. ताकाहाशी आणि त्याचे दोस्त तोवर पस्तिशीत गेले असते. त्यांच्या मागची पोरं होती ती.

ओझू स्वतः दोनदा युद्धावर जाऊन आला आणि कॉलेजच्या पोरांचे सिनेमे पुन्हा काढायच्या भानगडीत पडला नाही. पण बेसबॉल आणि जुने वर्गमित्र त्याने सोडले नाहीत. त्याचा शेवटचा सिनेमा, १९६२ चा 'सान्मा नो आजि', त्यात र्‍यू चिशू आता पन्नाशी उलटलेला बाप आहे, मित्रांबरोबर शाळेतल्या मास्तरांना जेवायला घालतो, आणि त्याच्या एका मित्राला संध्याकाळी मॅचला जायचंय, पण बाकीचे त्याला ओढून दारू प्यायला नेतात, आणि मॅच चालू राहते ती टीव्हीवर. स्टँडमध्ये उभं राहून ओरडायचे दिवस गेले, आता खेळ बसून बघायचा.

बघायचे असतील तर क्रम असा लावा: आधी 'पदवी घेतली'ची उरलेली दहा मिनिटं, मग 'नापास झालो', मग १९३२ चा. सबटायटल असलेल्या प्रती मिळतात, संगीत लावलेली प्रत मिळाली तर उत्तम, नसेल तर शांततेत बघा पण पोरांच्या पायांकडे लक्ष ठेवा. आणि साइतो तात्सुओच्या हातांकडे, ते हात एका वेळी काय काय करतात ते पहिल्यांदा बघताना हमखास सुटतं.